टाकोचा खिमा आणि रमजानचे सूप

२०११ च्या जानेवारीत अमेरिकेत एका खिम्यावर खटला भरला गेला. ‘टाको बेल’ या उपाहारगृहांच्या साखळीवर अलाबामातल्या वकिलांनी आरोप ठेवला, की टाकोत जे सारण भरले जाते ते बीफ म्हणण्याच्या लायकीचे नाही. त्यात मांस जेमतेम ३५ टक्के आहे आणि बाकी सगळी भरताड. कंपनी डगमगली नाही. वर्तमानपत्रांत पानभर जाहिराती देऊन तिने खटला भरणाऱ्यांचे चक्क आभार मानले आणि तोवर कुलपात असलेली कृती चव्हाट्यावर मांडली: बीफ ८८ टक्के, इतर जिन्नस १२ टक्के. एप्रिलमध्ये खटला मागे घेतला गेला. या बारा टक्क्यांत पाणी, मीठ, मिरची, कांदा-लसूण-टोमॅटोची पूड, साखर, किंचित कोको, यीस्ट, सायट्रिक आम्ल अशी मंडळी होती. आणि होते ओट्स.

ओट्सपाशी अमेरिकन ग्राहक अडखळला. सकाळी दुधातून खायचा पदार्थ मांसात कशाला, असा त्याचा प्रश्न. जेद्दा किंवा रियाधमधल्या कुठल्याही गृहिणीला मात्र हा प्रश्न पडला नसता. रमजानच्या महिन्यात मगरिबची अजान झाली, खजूर आणि पाण्याने रोजा सुटला, की सौदी घरांत पुढे येतो तो सुपाचा वाडगा, आणि त्यातले फार आवडीचे सूप म्हणजे ‘शोरबा शूफान’. शूफान म्हणजे ओट्स. कांदा परतायचा, त्यात मांसाचे बारीक तुकडे किंवा खिमा, टोमॅटो, जिरे-मिऱ्यांचा मसाला, भरपूर पाणी, आणि मांस शिजत आले की मूठभर ओट्स. हिजाझमध्ये, म्हणजे मक्का-मदिना-जेद्दाच्या पट्ट्यात, याच जागी भरडलेला गहू घालून ‘शोरबा हब’ करतात. नज्दमध्ये भरड्या गव्हाचा जरीश, पूर्वेकडे घोटलेल्या गव्हाचा हरीस. धान्य आणि मांस एकत्र शिजवून दोघांची चव एकमेकांत उतरवणे ही अरबस्तानातली जुनी विद्या आहे. ती आपल्याकडेही पोचली. मराठवाड्यातला हलीम आणि मोहरमचा खिचडा ही तिचीच अपत्ये. कॅलिफोर्नियातल्या कंपनीला जे गुपित म्हणून जपावेसे वाटले, ते सौदी स्वयंपाकघरात मांडणीवरच्या डब्यात होते.

सौदी अरेबियात राहणाऱ्या मराठी घरांत मुले टाको मागतात तेव्हा ही गोष्ट उपयोगी पडते. सारणाचा जवळजवळ प्रत्येक जिन्नस कोपऱ्यावरच्या बकाल्यात, म्हणजे किराणा दुकानात, मिळतो. खरी अडचण आहे ती बाहेरच्या कुरकुरीत कवचाची. पण आधी सारण.

खिमा म्हटला की आपला हात आपोआप भाजण्याकडे वळतो. तेल तापवा, कांदा लाल करा, आले-लसूण, मग खिमा टाकून त्याला तेल सुटेपर्यंत परता. उत्तम खिमा असाच होतो. पण टाकोच्या सारणाला हे सगळे उलटे लागते. कोरड्या गरम कढईत खिमा पडला की त्यातली मायोसिन नावाची प्रथिने सुमारे पन्नास अंशांपासून घट्ट होऊ लागतात आणि खिम्याच्या गुठळ्या वळतात. त्या उलथन्याने कितीही फोडल्या तरी दाणा भरडच राहतो. फास्टफूडच्या टाकोतला खिमा याच्या अगदी विरुद्ध असतो: मऊ, एकजीव, दाणे बारीक पण सुटे, आणि भोवती पातळ मसालेदार लेप. कारण उघड आहे. हा खिमा उपाहारगृहात परतलाच जात नाही. तो मोठ्या कारखान्यांत शिजून, पिशव्यांत बंद होऊन येतो आणि दुकानात गरम पाण्यात ठेवून फक्त तापवला जातो.

घरी तेच साधायचे तर कच्चा खिमा थंड पाण्यात हाताने कुस्करायचा. हे करताना मन जरा बिचकते, पण करावे. अर्धा किलो खिम्याला दीड कप पाणी. चांगला कालवला की राखाडी-गुलाबी पातळसर लगदा होतो, आणि तो तसाच मध्यम आचेवर चढवून ढवळत राहायचे. प्रत्येक कणाभोवती आधीच पाणी असल्याने गुठळी वळायला जागा उरत नाही. ओहायो राज्यातल्या सिनसिनाटी शहरात १९२२ साली मॅसिडोनियाहून आलेल्या किराजीफ बंधूंनी सुरू केलेली प्रसिद्ध ‘चिली’ याच पद्धतीने होते: बीफ कच्चेच पाण्यात. भाजल्याने येणारा खमंगपणा आपण इथे जाणूनबुजून सोडतो, हे कबूल करायला हवे. त्याची थोडी भरपाई कोको आणि टोमॅटो करतात. कोको अर्धा चमचाच. त्याची चव लागता कामा नये, नुसता रंगाला आणि चवीला गडदपणा आला पाहिजे.

उकळी आली की मिक्सरमध्ये पीठ केलेले तीन मोठे चमचे ओट्स घालावेत. ओट्समध्ये बीटा-ग्लुकन नावाचा विरघळणारा तंतू असतो. तो पाणी धरून ठेवतो आणि खिम्यातून सुटलेल्या चरबीलाही त्या पाण्यात मिसळलेली ठेवतो, म्हणून वर तेलाचा तवंग येत नाही. आपल्याकडे रश्शावर तर्री आली की सुगरणीची पाठ थोपटतात. इथे तर्री आली तर सारण फसले समजायचे, कारण ते तेल कवचात झिरपून त्याचा पार लगदा करते. ओट्स नसतील तर बेसन चालेल का, असे बरेच जण विचारतात. बेसनाने दाटपणा येतो, पण त्याची स्वतःची चव खिम्यावर कुरघोडी करते आणि सगळ्याला झुणक्याची कळा येते. त्यापेक्षा हब म्हणून मिळणारा भरडा गहू बारीक करून घातलेला बरा.

आता मिरची. इंग्रजी पाककृतींत ‘चिली पावडर’ दोन मोठे चमचे असे लिहिलेले असते आणि भारतीय माणूस तिथे फसतो. अमेरिकेत त्या नावाने जी बाटली मिळते ती नुसती मिरचीपूड नसते, तो तयार मसाला असतो: सौम्य मिरची, जिरे, ओरेगानो, लसूण. १८९०च्या दशकात टेक्सासमधल्या न्यू ब्राउनफेल्स गावी विल्यम गेबहार्ट या जर्मन गृहस्थाने तो विकायला काढला, तो ताज्या मिरच्यांचा हंगाम सरल्यावरही ‘चिली’ करता यावी म्हणून. त्या जागी आपली गुंटूर किंवा लवंगी मिरची दोन चमचे घातली, तर घरातली मुलेच काय, मोठेही पाणी पाणी करतील. सौदीत भारतीय दुकानांत ब्याडगी आणि काश्मिरी दोन्ही मिळतात. दीड मोठा चमचा काश्मिरी पूड, तिच्यासोबत दीड लहान चमचा ताजी जिरेपूड, एक लहान चमचा कांद्याची पूड, अर्धा लसणाची, एक मोठा चमचा टोमॅटोची पेस्ट, एक लहान चमचा मीठ, अर्धा साखर. ओरेगानोबद्दल एक गमतीची गोष्ट आहे. मेक्सिकोत वापरतात तो ओरेगानो इटलीतल्या ओरेगानोचा भाऊबंदसुद्धा नव्हे. ती घाणेरीच्या, म्हणजे टणटणीच्या कुळातली वनस्पती आहे. पण तिचा वास ज्या थायमॉल आणि कार्व्हाक्रॉल या द्रव्यांमुळे येतो, त्यांतले थायमॉल आपल्या ओव्यात भरपूर असते. सौदी घरात झातर, म्हणजे सुकवलेल्या सुगंधी पानांचा अरबी मसाला, असतोच. चिमूटभर झातर आणि चार दाणे ओवा चुरडून घातला, की पिझ्झाच्या पुडीतल्या ओरेगानोपेक्षा जवळचा वास येतो.

या सगळ्यांत राजा म्हणजे जिरे. टाकोच्या सारणाला जो ओळखीचा वास येतो तो मिरचीचा नसून जिऱ्याचा असतो, आणि जिरे मेक्सिकोचे नाही. ते भूमध्य समुद्राच्या पूर्व किनाऱ्यापासून पश्चिम आशियापर्यंतच्या पट्ट्यातले. मुसलमानी राजवटीच्या शतकांत स्पेनच्या स्वयंपाकात ते मुरले आणि स्पॅनिश जहाजांतून अमेरिकेत गेले. १७३१ साली स्पेनच्या राजाने कॅनरी बेटांवरची काही कुटुंबे टेक्सासमधल्या सान अंतोनियोत वसवली. तिथल्या स्वयंपाकाला लागलेला जिऱ्याचा सढळ हात त्यांच्याकडून आला असे मानले जाते. मेक्सिकोच्या अंतर्भागातले स्वयंपाकी आजही जिरे बेताने वापरतात आणि टेक्सासच्या जिरेबंबाळ खिम्याला नाक मुरडतात. नाक मुरडण्याचा त्यांना हक्क आहे. पण अरबस्तानात बसून हा खिमा करणाऱ्याला तो वास परका वाटत नाही. मुहम्मद बिन हसन अल बगदादी याने १२२६ साली लिहिलेल्या पाककृतींच्या पुस्तकात ‘सनबूसज’ आहे, आपल्या समोशाचा पूर्वज, आणि त्याच्या सारणात मांसासोबत धने, जिरे, मिरे, दालचिनी आहेत. त्याच सनबूसजचा आजचा अवतार म्हणजे सौदी समबूसा. रमजानच्या आधीच्या आठवड्यात घरोघरी किलो-किलो खिमा परतून, समबूसे भरून फ्रीझरमध्ये रचले जातात. मिरची, कोको आणि टोमॅटो वगळले, तर टाकोचे सारण आणि समबूशाचे सारण यांत फरक उरतो तो मुख्यतः पाण्याचा.

मांस कोणते घ्यावे, याला सौदीत बरेच पर्याय आहेत. खरे तर सौदी माणसाची पहिली पसंती मेंढीला. नईमी आणि नज्दी या शेपटीत चरबी साठवणाऱ्या जातींना मान मोठा. बीफ ‘लहम बकर’, कोवळ्या वासराचे ‘लहम इज्ल’, तरुण उंटाचे ‘हाशी’. खाटकाकडे तुकडा निवडून ‘मफ्रूम’ म्हटले की समोर खिमा करून मिळतो. बरेच खाटीक खिमा कोरडा होऊ नये म्हणून मेंढीच्या शेपटीची चरबी त्यात घालू का, असे विचारतात. कबाबाला ती बहार आणते, टाकोला नाही. तिचा वास सगळ्या मसाल्यांना पुरून उरतो. बीफमधलीच चरबी पंधरा ते वीस टक्के ठेवायला सांगावी. ब्राझील आणि ऑस्ट्रेलियाचे गोमांस तिथे मिळते, आणि भारतातून गोठवलेले म्हशीचे मांस आखाती देशांत मोठ्या प्रमाणात जाते. ते गोमांसाहून कमी चरबीचे आणि गडद लाल असते. त्याची चरबी पांढरी शुभ्र दिसते, गाईची पिवळसर, कारण गाईच्या चरबीत गवतातले कॅरोटीन उतरते आणि म्हशीच्या चरबीत ते उतरत नाही.

महाराष्ट्रातून गेलेल्यांत या बाबतीत एकमत असणे शक्यच नाही. रत्नागिरी-रायगडकडची कोकणी मुसलमान कुटुंबे जेद्दात आणि एकूण आखातात मोठ्या संख्येने आहेत. त्यांना मोठ्याचा खिमा नवा नाही, आणि राज्यात १९७६ च्या प्राणिरक्षण कायद्यात २०१५ साली दुरुस्ती होऊन बैलही त्या कक्षेत आल्यापासून गावी म्हशीचेच मांस उरले आहे. इतर अनेक मराठी घरांत बीफ शिजत नाही. तिथे बोकडाचा किंवा कोंबडीचा खिमा, कुठे सोयाचे दाणे. वर सांगितलेली पाण्याची आणि ओट्सची युक्ती या सगळ्यांना लागू पडते. कोंबडीच्या खिम्याला चरबी कमी म्हणून दोन चमचे तेल लागते, सोयाला पाणी दुप्पट. बंगळुरूत २०१० साली टाको बेलचे भारतातले पहिले दुकान निघाले तेव्हा खुद्द कंपनीलाही बीफ सोडून द्यावे लागले होते. त्यामुळे कोणी ‘हा खरा टाको नव्हे’ म्हणू लागला तर त्याला हे ऐकवावे.

तसे पाहिले तर फास्टफूडचा टाको तरी कुठे ‘खरा’ होता. कॅलिफोर्नियातल्या सान बर्नार्डिनो शहरात १९३७ साली लुसिया रोड्रिगेझ यांनी ‘मित्ला कॅफे’ सुरू केला. घडी घालून तळलेली मक्याची पोळी, आत खिमा, वर लेट्यूस, टोमॅटो आणि किसलेले पिवळे चेडर चीज, असा तिथला टाको. रस्त्यापलीकडे ग्लेन बेल नावाचा तरुण हॉटडॉगची टपरी चालवत होता. समोरची रांग बघून तो तिथे जेवायला जाऊ लागला, ओळख वाढवून टाको तळण्याची रीत शिकला आणि १९५१ च्या सुमारास स्वतःच्या टपरीवर १९ सेंटना टाको विकू लागला. त्याची युक्ती एवढीच, की तो पोळ्या आधीच घडी घालून तळून ठेवी. गिऱ्हाईक आले की फक्त भरायचे. याच शहरात मॅकडोनल्ड बंधूंनी १९४८ साली आपले हॅमबर्गरचे दुकान झटपट पद्धतीवर नेले होते. एकाच गावातून जगाला बर्गरची आणि टाकोची, अशा दोन घाया लागल्या. बेलने १९६२ साली डाउनी इथे पहिले ‘टाको बेल’ उघडले आणि १९७८ साली ते सारे पेप्सिकोला विकले. मित्ला कॅफे अजून चालू आहे. घडीच्या कवचाचा शोध मात्र बेलच्या नावावर टाकता येत नाही; न्यूयॉर्कमध्ये ‘शोचित्ल’ नावाचे उपाहारगृह चालवणारे मेक्सिकन गृहस्थ हुवेन्सियो माल्दोनादो यांना पोळ्या घडीत धरून तळण्याच्या साच्यासाठी १९५० सालीच पेटंट मिळाले होते.

आता ते कवच. सारी गोची इथे आहे, आणि नवल वाटावे अशी विद्याही इथेच.

सौदीत ‘कॉर्नफ्लोअर’ मागितले तर आपल्याकडच्यासारखाच मक्याचा पांढरा स्टार्च हातात पडतो. त्याची पोळी होत नाही. मक्याचे पिवळे पीठ शोधून काढले तर त्याची भाकरी होते, पण घडी होत नाही. वाकवली की तडकते. मक्याची भाकरी थापणाऱ्या कुणालाही हे ठाऊक आहे: उकळत्या पाण्यात उकड काढली तरी ती गव्हासारखी लवत नाही, कारण मक्यात गव्हासारखे चिवट ग्लुटेन नाही. मग मेक्सिकोची बाई मक्याचीच पातळ, मऊ, रुमालासारखी लवणारी पोळी कशी करते? चुन्याने. मक्याचे दाणे ती चुन्याच्या पाण्यात उकळते, रात्रभर तसेच ठेवते, सकाळी चोळून साले काढते, धुते आणि ओलेच वाटते. ग्वाटेमालाच्या दक्षिण किनाऱ्यावर या पद्धतीच्या खुणा सुमारे साडेतीन हजार वर्षे मागे जातात.

चुन्याने पाण्याचा सामू साडेअकरा-बाराच्या घरात जातो. एवढ्या तीव्र अल्कलीत दाण्याच्या सालीतले हेमिसेल्युलोज विरघळते, साल सुटते, स्टार्च अंशतः फुगतो आणि विरघळलेले चिकट द्रव्य पिठाला बांधून ठेवते. पिठात कॅल्शियम उतरते. आणि सगळ्यांत मोठी गोष्ट, मक्यात घट्ट बांधून पडलेले नायसिन हे जीवनसत्त्व मोकळे होते. कोलंबसानंतर मका युरोपात आला तो एकटाच; चुन्याची विद्या अमेरिकेतच राहिली. परिणाम भयंकर झाले. स्पेनच्या आस्तुरियास प्रांतातल्या मका खाऊन राहणाऱ्या गरिबांत गास्पार कासाल या वैद्याने १७३५ साली एक नवा रोग पाहिला: उन्हात उघड्या पडणाऱ्या कातडीवर चट्टे, हगवण, शेवटी बुद्धिभ्रम. तो पेलाग्रा. पुढे इटलीत आणि अमेरिकेच्या दक्षिण राज्यांत त्याने हजारो माणसे नेली. हा जंतूंचा नसून अन्नातल्या उणिवेचा रोग आहे हे जोसेफ गोल्डबर्गर यांनी १९१० च्या दशकात दाखवले. मेक्सिकोतला गरीब शेतकरी मक्यावरच जगत होता, पण त्याला हा रोग क्वचितच शिवला. आपल्या दख्खनमध्ये पेलाग्रा ज्वारी खाणाऱ्यांत आढळला, आणि ज्वारीतल्या ल्युसिन या अमिनो आम्लाशी त्याचा संबंध आहे अशी मांडणी डॉ. सी. गोपालन आणि डॉ. एस. जी. श्रीकांतिया यांनी हैदराबादच्या प्रयोगशाळेतून १९६० साली केली. ती मांडणी सगळ्यांनी मान्य केली असे नाही, पण ज्वारीच्या मुलखातल्या वाचकाला ही कहाणी परकी वाटू नये.

घरी करायचे तर सोपे आहे, वेळखाऊ मात्र आहे. अर्धा किलो वाळलेला मका, दीड लिटर पाणी, पाच ग्रॅम खाण्याचा चुना. बांधकामाचा चुना कदापि नाही. ॲल्युमिनियमचे भांडेही नको, चुना त्याला खातो. स्टीलचे पातेले घ्यावे. चाळीसएक मिनिटे मंद उकळून रात्रभर झाकून ठेवायचे, सकाळी पिवळी झालेली साले चोळून चार पाण्यांनी धुवायचे. पाणी पिवळेधमक निघते आणि घरभर जो वास सुटतो, तो टाको कधी खाल्ला असेल त्याला लगेच ओळखू येतो. वाटण मात्र आपल्या मिक्सरला जड जाते. ओल्या वाटपाचा वेट ग्राइंडर असेल तर काम निभते. दक्षिण भारतीय शेजारीण असली तर तिच्याकडे तो असतोच. लिंबाएवढा गोळा प्लास्टिकच्या दोन कागदांमध्ये दाबून, तव्यावर दोन्ही बाजूंनी मिनिटभर शेकायचा. मग पावणेदोनशे-एकशेऐंशी अंश तेलात पोळी सोडून, ती अजून लवचीक आहे तोवर चिमट्याने अर्धी दुमडून धरायची. दोन बाजूंमध्ये दोन बोटे फट राहिली पाहिजे, नाहीतर सारण भरायला जागा राहत नाही. तळताना पाणी उडून जाते, स्टार्च कडक होतो आणि घडी कायमची बसते.

एवढा खटाटोप आठवड्याच्या मधल्या वारी कोण करणार, हा प्रश्न रास्त आहे. मोठ्या सुपरमार्केटांत तयार कवचांची खोकी मिळतात. ती नरम पडलेली असतात. ओव्हनमध्ये पावणेदोनशे अंशांवर पाच मिनिटे उपडी ठेवली की पुन्हा खुटखुटीत होतात. उपडी अशासाठी, की उताणी ठेवली तर उष्णतेने मिटतात. आणखी एक वाट सौदी घरांतून जाते. समबूशाच्या तयार पट्ट्या किंवा पातळ खुब्ज, म्हणजे अरबी रोटी, दुमडून तळली की खुसखुशीत कवच होते. चवीला ते टाको नव्हेच, समबूशाचे चुलत भावंड. पण मुलांची तक्रार येत नाही. खुब्जचा दुसरा पदर सोडवून एकेरी घ्यावा, नाहीतर फुगतो. हिजाझमध्ये तर खिमा, अंडे आणि कांद्याची पात भरून घडी घातलेला, तव्यावर भाजलेला मुतब्बक शेकडो टपऱ्यांवर मिळतो, आणि तो खाल्लेल्या मुंबईकराला मोहम्मद अली रोडवरची बैदा रोटी आठवल्यावाचून राहत नाही. मुंबई-जेद्दा ही हजची आगबोट १९९५ पर्यंत चालू होती. दोन बंदरांत एवढे येणे-जाणे असल्यावर तव्यावरचे पदार्थ सारखे निघाले तर नवल नाही.

चीजबद्दल दोन शब्द. किसलेले चेडर हवे, आणि ते सौदीत भरपूर. निळ्या डब्यातले क्राफ्टचे चीज तिथल्या पिढ्यांनी खाल्ले आहे, पण ते किसण्यापेक्षा कापण्याच्या कामाचे. दुधाचा कारभार १९७७ साली निघालेल्या ‘अल मराई’ कंपनीभोवती फिरतो. रियाधच्या दक्षिणेला अल खर्जच्या वाळवंटात तिचे प्रचंड गोठे आहेत. गाईंना चारा कुठून आणायचा हा तिथला पेच. देशातले भूजल आटू लागल्याने सरकार हिरव्या चाऱ्याच्या लागवडीला आवर घालू लागले आणि कंपनीने २०१४ साली अमेरिकेतल्या ॲरिझोना राज्यात सुमारे १० हजार एकर जमीन घेऊन तिथे लसूणघास पिकवून जहाजाने आणायला सुरुवात केली. मेक्सिकोच्या सरहद्दीवरच्या या राज्याचे पाणी अरबस्तानात दूध होऊन जाते, म्हणून तिथे ओरड झाली. २०२३ साली राज्याने आपल्या मालकीच्या बटलर खोऱ्यातल्या जमिनीचे या कंपनीला दिलेले भाडेपट्टे संपवले. टाकोवर पसरलेल्या चीजमागे एवढा लांबचा प्रवास असू शकतो.

सौदीत फास्टफूडची रुजवात चांगली जुनी आहे. जेद्दाचे अल बैक १९७४ चे, रियाधचे हर्फी १९८१ चे, कुडू १९८८ चे. मॅकडोनल्ड १९९३ च्या डिसेंबरात आले. त्याआधी, १९३८ साली दम्मामच्या सातव्या विहिरीला तेल लागल्यापासून, कॅलिफोर्नियाच्या स्टँडर्ड ऑइल कंपनीची माणसे धाहरानच्या कुंपणाआड आपल्या धर्तीचे गाव वसवून राहत होती, हिरवळ आणि बेसबॉलसकट. या साऱ्या गर्दीत कोंबडी, बर्गर आणि शवर्मा पुढे गेले. उपाहारगृहांत एकट्या पुरुषांना आणि कुटुंबांना वेगळी दारे असण्याची सक्ती २०१९ च्या डिसेंबरात संपली. तोवर बांधून आणून घरी सतरंजीवर मांडून खाण्याचीच पद्धत अनेक घरांना सोयीची होती, आणि टाको असा बांधून आणायच्या कामाचा नाही. भरल्यापासून पाच-सात मिनिटांत तो मऊ पडतो. तो घरी, कढईशेजारीच भरून खायचा पदार्थ आहे.

भरण्याचा क्रम आधी खिमा, मग लेट्यूस, वर टोमॅटो आणि चीज. खिम्याच्या उष्णतेने चीज वितळावे असे वाटत असेल तर ते लेट्यूसच्या आधी घालावे. फास्टफूडवाले तसे करत नाहीत, आणि त्यांचे चीज थंडच राहते. डुकराच्या चरबीत परतलेले राजमे, जे मेक्सिकोत सोबतीला असतात, सौदीत अर्थातच नाहीत. त्या जागी जेद्दाच्या न्याहारीचा फूल, म्हणजे शिजवून ठेचलेले बाकला, जिरे आणि लिंबू पिळून ठेवला तर तो मला राजम्याहून सरस वाटतो. पुएब्ला या मेक्सिकन शहरात इराक-लेबनॉनकडून गेलेल्या कुटुंबांनी १९३०च्या दशकात उभ्या सळईवरचे मांस खुब्जसारख्या पोळीत गुंडाळून विकायला सुरुवात केली. तो पदार्थ तिथे आजही ‘अरबी टाको’ म्हणून विकला जातो आणि त्याच सळईतून पुढे मेक्सिको शहराचा आवडता ‘अल पास्तोर’ टाको निघाला. तेव्हा फूलला कोणी हरकत घेऊ नये.

खिमा उरतोच. फ्रिजमध्ये ओट्समुळे तो दुसऱ्या दिवशी घट्ट थापीसारखा होतो. तापवताना अर्धी वाटी पाणी घालून मंद आचेवर मोकळा करावा, मसाला पुन्हा घालू नये. तीन दिवसांत संपवावा. त्यावर अंडे फोडून, कांद्याची पात घालून मुतब्बकात भरला तर तो टाकोत होता त्याहून चांगला लागतो.